लग्न झालेलं नाही, तिला घरात कोंडलंय; मी हेबियस कॉर्पस करू शकतो का?

प्रश्न: मी २० वर्षांचा आहे, येत्या मार्चमध्ये २१ पूर्ण होतील. माझी मैत्रीण १९ वर्षांची. दोघंही सांगली जिल्ह्यातले, जात वेगळी, अकरावीपासूनची ओळख. पुण्यात शिकायला होतो. दिवाळीला ती गावी गेली, घरी सगळं कळलं, फोन काढून घेतला. आज १८ दिवस झाले. मामेबहिणीच्या फोनवरून एकच मेसेज आला: ‘खोलीला बाहेरून कडी आहे, स्थळं बघतायत, काहीतरी कर.’ पोलीस ठाण्यात गेलो तर ‘तू कोण तिचा? घरचा मामला आहे’ म्हणून परत पाठवलं. तिच्या भावकीतले चौघं आमच्या घरी येऊन आईला दम देऊन गेले. मित्र म्हणतात, आळंदीहून मागच्या तारखेचं लग्नाचं सर्टिफिकेट आणू आणि ‘बायको परत द्या’ म्हणून हायकोर्टात जाऊ. जावं का? आणि कोर्टात घरच्यांसमोर ती घाबरून ‘नाही’ म्हणाली तर?
— एक वाचक, सांगली जिल्हा

उत्तर: सर्टिफिकेटचं आधी मिटवू. ते आणू नका. तुम्हाला २१ पूर्ण नाहीत, म्हणजे बालविवाह प्रतिबंध अधिनियम, २००६ नुसार तुमचं लग्न बालविवाह ठरतं. ते लावून देणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि एक लाखापर्यंत दंड होऊ शकतो. मागची तारीख टाकली की त्यात खोट्या दस्तऐवजाची भर. हायकोर्टातली याचिका शपथेवर असते. तुमचा शाळा सोडल्याचा दाखला समोर आला की समोरचा वकील दहा मिनिटांत हे उघडं पाडेल, आणि त्यानंतर खंडपीठ तिचं ऐकण्याऐवजी तुमच्या कागदांची चौकशी करत बसेल. शिवाय विधी न होता नुसतं सर्टिफिकेट घेतलं तर हिंदू विवाह कायद्याखाली ते लग्नच नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये डॉली राणी खटल्यात स्पष्ट सांगितलं आहे.

मुख्य म्हणजे या कामाला लग्न लागतच नाही. हेबियस कॉर्पस ही बायको परत मागण्याची याचिका नाही. न्यायालय एवढंच पाहतं की एखाद्या माणसाला त्याच्या मर्जीविरुद्ध, कायद्याचा आधार नसताना अडकवून ठेवलंय का. अडकवणारं सरकारच असलं पाहिजे असंही नाही. बापाच्या घरातल्या खोलीलाही हा आदेश लागू होतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६४ मध्येच मोहम्मद इक्राम हुसेन खटल्यात मान्य केलं. तुमच्याच परिस्थितीशी जुळणारा निकाल २०१८ चा, नंदकुमार विरुद्ध केरळ राज्य. तिथेही मुलगा २१ चा नव्हता, म्हणून केरळ उच्च न्यायालयाने मुलीला वडिलांच्या ताब्यात दिलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला: मुलगी सज्ञान आहे, कोणाबरोबर राहायचं ते ती ठरवेल, लग्न करता येत नसलं तरी दोघं एकत्र राहू शकतात. त्याच वर्षी हादियाच्या प्रकरणात, म्हणजे शफिन जहाँ खटल्यात, हेबियस कॉर्पस ऐकताना उच्च न्यायालयाने लग्नाच्या वैधतेत शिरून ते रद्द करणं चूक होतं, असंही ठरलं.

‘तू कोण तिचा?’ याचं उत्तर २०२४ च्या देवू जी. नायर निकालात आहे. तत्कालीन सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड यांच्या पीठाने सगळ्या उच्च न्यायालयांसाठी मार्गदर्शक सूचना घालून दिल्या. जोडीदाराने किंवा मित्राने केलेल्या हेबियस कॉर्पसला प्राधान्य द्यायचं, तारखांवर तारखा द्यायच्या नाहीत आणि दोघांच्या नात्याचं स्वरूप खणत बसायचं नाही. एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवा: त्या खटल्यात याचिका करणारी हरली होती. ज्या मुलीसाठी याचिका होती तिच्याशी न्यायिक अधिकाऱ्याने एकांतात बोलणं केलं, ‘आईवडिलांकडेच राहायचंय’ असं तिने सांगितलं, आणि विषय तिथे संपला. तुमच्याही याचिकेत शेवटचा शब्द तिचाच असेल. म्हणून तिला तो शब्द मोकळेपणाने बोलता यावा, एवढ्यासाठीच पुढची तयारी करायची आहे.

पहिला कागद तिच्या वयाचा. सगळी इमारत ‘१८ पूर्ण’ या दोन शब्दांवर उभी आहे. दहावीचं बोर्डाचं प्रमाणपत्र, शाळेचा दाखला किंवा जन्मदाखला यांपैकी काहीही चालेल. कॉलेजच्या प्रवेश अर्जाबरोबर त्याची प्रत असते, तिच्या मेलमध्येही असू शकते. पण तिचा पासवर्ड वापरून तिच्या खात्यात शिरू नका. तिने आधी तुम्हाला पाठवलेल्या फाइली शोधा, मैत्रिणींना विचारा. एकट्या आधार कार्डावर विसंबू नका. ते जन्मतारखेचा पुरावा नाही. काहीच मिळालं नाही तर शाळा-कॉलेजचं नाव आणि वर्ष याचिकेत लिहा, म्हणजे पोलिसांनी नोंद मागवावी असं न्यायालयाला सांगता येतं.

दुसरा पुरावा तो मेसेज. तो ज्या फोनवर आला तो फोन बदलू नका, फॉरमॅट करू नका. स्क्रीनशॉटवर तारीख, वेळ आणि नंबर दिसला पाहिजे. इलेक्ट्रॉनिक पुराव्याला भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र जोडावं लागतं. ते वकील तयार करतील. ज्या मामेबहिणीने फोन दिला तिचं नाव पोलिसांच्या अर्जात घालू नका. अर्जाची प्रत संध्याकाळपर्यंत वडिलांच्या हातात जाऊ शकते आणि मग तिचाही फोन जाईल. ‘एका नातेवाईक महिलेच्या फोनवरून’ एवढं पुरे. नाव वकिलांना तोंडी सांगा. गरज पडली तर ते बंद लिफाफ्यात न्यायालयाला देता येतं.

गावात मित्रांना घेऊन जाऊ नका. ‘नुसतं बघून येतो’ म्हणूनही नको. चार मोटारसायकली वेशीवर दिसल्या की त्याच रात्री तिला मावशीकडे, बहुतेक वेळा सीमेपलीकडे अथणी-चिकोडीकडे हलवतात, आणि तुमच्यावर गर्दी जमवून दमदाटी केल्याचा गुन्हा दाखल होतो. इन्स्टाग्रामवर पोस्ट टाकणंही याच कारणाने महागात पडतं.

आता पोलीस. तुम्ही तोंडी गेलात, म्हणून तोंडी परत आलात. लेखी अर्ज द्या. एखाद्याला १० दिवस किंवा जास्त डांबून ठेवणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२७ खाली पाच वर्षांपर्यंत शिक्षेचा, दखलपात्र गुन्हा आहे, आणि दखलपात्र गुन्ह्याची खबर कोणीही देऊ शकतो. नातेवाईकच हवा असं कायद्यात कुठेही नाही. अर्ज एका पानाचा करा: तिचं नाव, वय, नेमका पत्ता, शेवटचं बोलणं कधी झालं, मेसेजचे शब्द जसेच्या तसे, लग्न जुळवत असल्याची भीती. खाली दोन मागण्या: तिचा जबाब महिला अधिकाऱ्याने घराबाहेर, घरचं कोणी समोर नसताना घ्यावा, आणि तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८३ खाली न्यायदंडाधिकाऱ्यापुढे नोंदवावा. दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारखेसह पोहोच घ्या. पोहोच देत नाहीत म्हणाले तर वाद घालू नका. तोच अर्ज रजिस्टर पोस्टाने आणि ईमेलने पोलीस अधीक्षकांकडे पाठवा, पावती जपा. गुन्हा नोंदवला नाही तर अधीक्षकांकडे लेखी जाण्याची तरतूद कायद्यातच आहे, आणि हायकोर्टात ‘आधी काय केलं?’ या प्रश्नाला हीच पावती उत्तर असते.

भरोसा सेलचं, म्हणजे पोलिसांच्या समुपदेशन कक्षाचं नाव कोणीतरी सुचवेलच. तिथली माणसं चांगली असतात, पण त्यांच्या कामाचा घाट समेटाचा आहे. मुलीला आईवडिलांसोबत बोलावतात, सगळ्यांना एकाच टेबलाभोवती बसवतात. नवरा-बायकोच्या भांडणात हे चालतं. कोंडलेल्या मुलीच्या बाबतीत तीच बैठक ‘मी स्वखुशीने घरी आहे’ असं लिहून घेण्याची जागा होते, आणि तो कागद पुढे प्रत्येक न्यायालयात तुमच्या विरोधात येतो.

हायकोर्टाच्या आधीची एक पायरी बहुतेकांना माहीत नसते. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०० खाली प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी किंवा प्रांत, डांबून ठेवलेल्या व्यक्तीसाठी झडती वॉरंट काढू शकतात; पोलीस तिला शोधून त्यांच्यापुढे हजर करतात. तालुक्याच्या कोर्टात, कमी खर्चात हे होतं. ती नेमक्या कोणत्या घरात आहे याची खात्री असेल तर जरूर वापरा. पण वॉरंट बजावणार तेच पोलीस ठाणं, ज्याने तुम्हाला परत पाठवलं. निघण्याआधी घरी फोन गेला तर खोली रिकामी सापडते आणि अहवाल येतो: ‘मिळून आली नाही’. तुमच्या बाबतीत तीच भीती आहे, म्हणून सरळ हायकोर्टात जावं असं आम्हाला वाटतं.

त्यासाठी मुंबईला जायचं कारण नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून सांगली, कोल्हापूर, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूर सर्किट बेंच सुरू आहे. तिला सांगली जिल्ह्यात ठेवलंय, तेव्हा याचिका तिथेच. मधल्या काळात कर्नाटकात हलवली तरी प्रकरणाची सुरुवात इथली असल्याने राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालचा या न्यायालयाचा अधिकार सुटत नाही. वकिलांना फक्त वेळीच कळवा.

ही फौजदारी रिट याचिका असते, दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे चालते. प्रतिवादी म्हणून महाराष्ट्र शासन, पोलीस अधीक्षक, ठाण्याचे निरीक्षक आणि ज्यांनी कोंडलंय ते वडील-भाऊ. आईला, आजीला, सगळ्या काकांना ओढू नका. नावं वाढली की नोटिसा बजावण्यात दिवस जातात. वकीलपत्र, प्रतिज्ञापत्र, वयाचा पुरावा, मेसेज, पोलिसांना दिलेला अर्ज आणि पावत्या जोडायच्या. मराठी कागदांचं इंग्रजी भाषांतर लागतं. तातडीच्या कामात अडतं ते बहुधा इथेच, म्हणून ते आधीच करून ठेवा. याचिका दाखल झाली की सरकारी वकिलांच्या कार्यालयात प्रत द्यायची आणि तातडीच्या सर्क्युलेशनसाठी, म्हणजे प्रकरण लवकर बोर्डावर यावं म्हणून, प्रेसिपी (लेखी विनंती) द्यायची. प्रेसिपीत ‘स्थळं बघतायत’ हा भाग ठळक हवा. जबरीच्या लग्नाची शक्यता दिसली की तारीख लवकर मिळते.

वकिलाच्या फीचा प्रश्न असेल तर विधी सेवा प्राधिकरणाच्या १५१०० या क्रमांकावर फोन करा. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो; इतरांना उत्पन्नाची मर्यादा लागते.

मागण्यांमध्ये चार गोष्टी आल्याच पाहिजेत. तिला प्रत्यक्ष हजर करावं. न्यायमूर्तींनी तिच्याशी चेंबरमध्ये, इन-कॅमेरा म्हणजे बंद दाराआड बोलावं. त्या आधी ती वडिलांच्या किंवा तुमच्याही सोबत नसावी. आणि सुटका झाली तर तिची मूळ गुणपत्रकं, आधार, बँकेचं पासबुक आणि फोन तिला परत मिळावेत. ही चौथी मागणी हमखास राहून जाते, आणि मग मुलगी मोकळी होऊनही परीक्षेचा फॉर्म भरू शकत नाही.

पहिल्या तारखेला नेमकं काय होतं ते माहीत असू द्या. न्यायालय पोलिसांना माहिती घ्यायला सांगतं. हवालदार घरी जातात, ओसरीवर बसून चहा घेतात आणि वडील समोर उभे असताना तिचा जबाब लिहितात: ‘माझी कोणाविरुद्ध तक्रार नाही.’ सरकारी वकील तो वाचून दाखवतात आणि याचिका निकाली काढा म्हणतात. तुमच्या वकिलांनी याच क्षणासाठी तयार असायला हवं. जबाब कुठे घेतला, किती वाजता, खोलीत कोण होतं, हे तीन प्रश्न विचारायचे आणि देवू जी. नायर निकालातल्या सूचना पुढे ठेवायच्या: डांबल्याचा आरोप ज्यांच्यावर आहे ते तिच्या आसपास नसावेत, ती निर्धास्तपणे बोलू शकेल अशी व्यवस्था व्हावी. समुपदेशनासाठी तिला आईवडिलांकडे ‘आठ दिवस राहून बघ’ असं पाठवण्याचा प्रस्ताव आला, तर तोही त्याच निकालात बसत नाही. ‘घरी जायचं नाही’ असं ती म्हणाली की तिला लगेच मोकळं करायचं. सज्ञान बाईला तिच्या इच्छेविरुद्ध महिला आश्रमात ठेवता येत नाही, हे तर १९७६ पासून, ज्ञानदेवी खटल्यापासून ठरलेलं आहे.

आता तुमची खरी भीती: ती ‘नाही’ म्हणाली तर? मग याचिका तिथेच संपेल आणि ती पुन्हा दाखल करू नका. ‘दबावाखाली बोलली’ असं एकांतातल्या संभाषणानंतरही म्हणत राहिलात तर वडील जे करत होते तेच तुम्ही करू लागाल: तिचं म्हणणं तिच्यापेक्षा तुम्हाला जास्त कळतं, असा दावा. पण ‘हो’ आणि ‘नाही’ यांच्या मध्येही एक उत्तर असतं. १९ वर्षांच्या मुलीला वडिलांच्या खोलीतून सुटायचं असेल आणि लगेच तुमच्या घरी यायचंही नसेल. तिला पुण्यात परत जाऊन शिकायचं असेल. कोर्टात बाप एका बाजूला, प्रियकर दुसऱ्या बाजूला अशी मांडणी झाली की हे तिसरं उत्तर तिला सुचतच नाही, किंवा सुचलं तरी ‘राहायचं कुठे?’ इथे अडतं. तेव्हा ती सोय आधी करा. कॉलेजच्या वसतिगृहात जागा आहे का, कोणती मैत्रीण महिनाभर ठेवून घेईल, हे विचारून ठेवा आणि त्या मैत्रिणीला तारखेला कोर्टात हजर राहायला सांगा. वकिलांनी न्यायालयाला हा पर्याय सांगितला की तिच्यावरचं ओझं निम्मं होतं. याचिकेतही ‘माझ्या ताब्यात द्या’ असं कुठेही लिहू नका; ‘तिच्या इच्छेनुसार जाऊ द्यावं’ असं लिहा.

याचिका चालू असतानाच घाईने तिचं लग्न लावलं तरी घाबरून माघार घेऊ नका. तिला कुठे जायचंय हा प्रश्न तसाच राहतो. बळजबरीने संमती घेतलेलं लग्न रद्द करून घ्यायला हिंदू विवाह कायद्याच्या कलम १२ मध्ये वाट आहे. बळजबरी थांबल्यापासून एका वर्षात तिने अर्ज करायचा असतो.

एका गोष्टीवर तुम्ही पत्रात सहज पुढे गेला आहात: अकरावीपासूनची ओळख. ओळखीला हरकत नाही. पण ती १८ ची होण्याआधी शारीरिक संबंध आले असतील तर तिची संमती असली तरी तो पॉक्सोखालचा गुन्हा धरला जातो, आणि मुलीकडचे लोक उलटी तक्रार करतात ती नेमकी इथेच. न्याय संहितेतलं अपहरणाचं कलम १३७ सज्ञान मुलीच्या बाबतीत लागत नाही, म्हणून मग जुन्या तारखा खणल्या जातात. वकिलांना पहिल्याच भेटीत सगळं खरं सांगा, ऐकायला अवघड असलं तरी. याचिकेत प्रेमकहाणी, फोटो, कवितांचे मेसेज घालू नका. न्यायालयाला त्यातलं काही लागत नाही. जे लिहाल ते मात्र अक्षरन् अक्षर खरं हवं.

आईला दम दिला त्याची तक्रार वेगळी द्या, याचिकेत कोंबू नका. २०१८ च्या शक्ती वाहिनी निकालाने प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष आणि सुरक्षागृह ठेवायला सांगितलं, आणि महाराष्ट्राच्या गृहविभागाने डिसेंबर २०२४ मध्ये तसे आदेश काढले. अर्ज पोलीस अधीक्षकांच्या नावाने, ‘आंतरजातीय जोडप्याच्या कुटुंबाला धोका’ असा विषय लिहून द्या. आलेल्या चौघांची नावं, वेळ, बोललेले शब्द, शेजारी कोणी ऐकलं असेल तर तेही त्यात येऊ द्या. तुम्ही अनुसूचित जाती-जमातीचे असाल आणि जातीवरून बोलले असतील तर अॅट्रॉसिटीची कलमं लागू शकतात. तो तपास उपअधीक्षक किंवा त्याहून वरच्या दर्जाचा अधिकारीच करतो. जातपंचायतीने तुम्हाला वाळीत टाकलं तर २०१६ चा सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायदा आहे. ऐन धोक्याच्या वेळी मात्र अर्ज नको, ११२ लावा.

ती बाहेर पडली की पहिल्या दोन दिवसांत वडील ‘मिसिंग’ दाखल करतील, असं धरून चाला. त्या आधीच तिने स्वतःच्या हस्ताक्षरात पत्र लिहावं: मी सज्ञान आहे, स्वतःच्या इच्छेने अमुक ठिकाणी आहे, घरच्यांना पत्ता देऊ नये. सोबत हायकोर्टाच्या आदेशाची प्रत. ते ठाण्याला आणि अधीक्षकांना ईमेलने जावं. पोलिसांनी ‘जबाबाला गावी या’ म्हटलं तर जाऊ नये. जिथे आहे तिथल्या ठाण्यात जबाब देता येतो. बेळगाव जिल्ह्यातल्या मुरगोड ठाण्याच्या अशाच एका मिसिंगमध्ये, लक्ष्मीबाई चंद्रगी खटल्यात, २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तपास अधिकाऱ्याला याच कारणासाठी खडसावलं होतं.

लग्नाचा विचार मार्चनंतर, तेव्हाही दोघांना तेच वाटत असेल तर. विशेष विवाह कायद्याने करणार असाल तर दोघांपैकी एकाचं त्या जिल्ह्यात किमान ३० दिवस वास्तव्य हवं, नोटिशीनंतर आणखी ३० दिवस थांबावं लागतं आणि सहीला तीन साक्षीदार लागतात. नोटीस कार्यालयाच्या फलकावर लागते, नावं-पत्त्यांसह. तेव्हा ती गावच्या तालुक्यात न देता पुण्यात द्या.